एकट्याचं स्वावलंबन मराठवाड्यात परवडत नाही

ऑक्टोबर 2010 मध्ये छत्रपती संभाजीनगरातल्या (तेव्हाच्या औरंगाबादेतल्या) मंडळींनी एकाच वेळी दीडशे मर्सिडीज गाड्या घेतल्या. सुमारे 65 कोटींचा तो सौदा देशभर गाजला. पुढच्या वर्षांत त्याच शहरातल्या अनेक वसाहतींनी नळाच्या पाण्यासाठी आठवडा-आठवडा वाट पाहिली. त्यामुळे इथल्या काही सुखवस्तू कुटुंबांना आता हा हव्यास नकोसा वाटत असेल, तर ते स्वागतार्हच आहे. पण शहराबाहेर एकरभर जमीन, मातीचं घर, देशी गाय आणि तीनशे फुटांचं बोअर, या चित्राला साधं राहणीमान म्हणायला मी तयार नाही. आपल्या पायाखाली काळा पाषाण आहे. त्याच्या भेगांत मुरतं तेवढंच पाणी, आणि त्या भेगा सातबारा पाहून थांबत नाहीत. एकाचं स्वावलंबन शेजाऱ्याची विहीर आटवून उभं राहत असेल, तर ती आणखी एक खरेदीच झाली.

दापोलीजवळ कुडावळ्याला दिलीप कुलकर्णी यांनी नोकरी सोडून, गरजा कमी करून जगून दाखवलं, हे उदाहरण हमखास दिलं जातं. त्यांच्याविषयी आदर आहेच. पण कोकणात कोसळणारा पाऊस इथे पडत नाही. आपल्याकडे सरासरी सातशे मिलिमीटरच्या आसपास, तोही बेभरवशाचा. म्हणून इथलं स्वावलंबन सामायिकच असावं लागतं. शहरातल्या जुन्या पाणचक्कीत डोंगरातल्या झऱ्याचं पाणी कित्येक किलोमीटर मातीच्या नळांतून केवळ उताराच्या जोरावर आलं आणि त्यावर फकीर-यात्रेकरूंचं धान्य दळलं गेलं. वाळूजजवळच्या पाटोद्यात भास्करराव पेरे पाटील सरपंच असताना, पूर्ण कर भरणाऱ्या घराला ग्रामपंचायत दळण फुकट देऊ लागली. घरटी खर्च कमी झाला, तो गाव एकत्र आल्यामुळे.

साधेपणा हे भरल्या पोटाचं खूळ आहे, असा आक्षेप येतो. वाळूजच्या कामगाराला फ्रिज घेऊ नकोस म्हणणं निर्लज्जपणाच ठरेल, त्यामुळे तो आक्षेप निम्मा खराही आहे. 1985 मध्ये बजाजचा कारखाना आला म्हणून हजारो घरांत चूल पेटली, हे कसं विसरायचं? गरजा कमी करण्याचा मुद्दा ज्यांच्या दारात दोन गाड्या आहेत त्यांच्यासाठीच आहे. त्यांनी गावाकडे जमीन शोधण्याआधी आपल्या सोसायटीच्या गच्चीवरचं पावसाचं पाणी जमिनीत मुरवावं आणि टँकर बंद करून दाखवावा.