गोष्ट वाचा, पण हिशेबही मांडा

पालघरच्या आमच्या महाविद्यालयात बोईसर-तारापूरकडून येणारी मुले दरवर्षी एक प्रश्न हमखास विचारतात : "सर, तारापूरची अणुभट्टी अणुबाँबसारखी फुटेल का हो?" कुणी तसे गोष्टीत वाचलेले असते, कुणी चित्रपटात पाहिलेले. पूर्वी मी म्हणत असे, "गोष्टी बाजूला ठेवा, पाठ्यपुस्तक वाचा." आज वाटते, माझे चुकलेच.

का, ते सांगतो. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेत 'कृष्णविवर' या कथेला पहिले बक्षीस मिळाले. लेखक होते नारायण विनायक जगताप. हे जगताप म्हणजे दुसरेतिसरे कोणी नसून जयंत विष्णु नारळीकर! आद्याक्षरे उलट क्रमाने मांडून पाहा, म्हणजे गंमत कळेल. १९६५ मध्येच पद्मभूषण मिळालेल्या या शास्त्रज्ञाला आपली कथा नावावर नव्हे, गुणांवर निवडली जावी असे वाटत होते. विज्ञानाची रीतही हीच नाही का? सांगणारा कोण, यापेक्षा सांगितलेले पडताळता येते का, हे महत्त्वाचे.

रशियातील त्सिओल्कोव्हस्की हे कलूगा गावचे शाळामास्तर. लहानपणीच्या आजारात त्यांची श्रवणशक्ती बरीचशी गेली होती. १८९३ मध्ये त्यांची चंद्रावरची गोष्ट प्रसिद्ध झाली आणि १९०३ मध्ये त्यांनीच अग्निबाणाच्या वेगाचे गणित मांडले. आधी कल्पना केली, पण हिशेब टाळला नाही.

तसाच हिशेब आपण तारापूरचा करू. युरेनियमच्या अणुबाँबसाठी साधारण ९० टक्के युरेनियम-२३५ लागते. निसर्गात मिळणाऱ्या युरेनियममध्ये ते अवघे ०.७ टक्के असते. तारापूरच्या १९६९ मध्ये सुरू झालेल्या पहिल्या दोन भट्ट्यांच्या इंधनात ते ३ टक्क्यांहून कमीच. नंतरच्या दोन भट्ट्या तर नैसर्गिक युरेनियमच वापरतात. तेव्हा अणुबाँबसारखा स्फोट होणे नाही.

मग धोका मुळीच नाही? तसेही नाही. भट्टी बंद केल्यावरही इंधनात काही काळ उष्णता निर्माण होतच राहते. ती वाहून नेणारे पाणी थांबले, तर इंधन वितळू शकते. २०११ मध्ये जपानमधील फुकुशिमा येथे हेच घडले. भट्टीच्या शेजारी राहणाऱ्या आपल्यासारख्यांना खरी भीती कोणती आणि खोटी कोणती, हे कळलेच पाहिजे.

म्हणून शिक्षक बंधुभगिनींना माझी विनंती आहे : महिन्यातून एक तास विज्ञानकथेला द्या. कथा वाचून झाली, की फळ्यावर तीन रकाने आखा : 'शक्य', 'अशक्य' आणि 'अजून ठाऊक नाही'. कथेतली एकेक गोष्ट मुलांनाच त्यांत भरू द्या. ती वाद घालतील, घालू द्या.

तिसरा रकाना मात्र विसरू नका. १९७४ मध्ये कृष्णविवराला त्यातच जागा मिळाली असती. २०१९ साली कृष्णविवराच्या छायेचे पहिले चित्र जगाने पाहिले. २० मे २०२५ रोजी नारळीकर आपल्यातून गेले, त्याआधी तेही ते पाहू शकले.