‘अडाणी लोक’ हे उत्तर नव्हे

ग्रहण, लस, भूकंपाचे भाकीत, कोणतीही विज्ञानविषयक बातमी आली की एक वाक्य हमखास ऐकू येते: ‘आपले लोकच अडाणी, त्यांना पुरावा दाखवून काय उपयोग?’ हे म्हणणारा स्वतःला विज्ञाननिष्ठ समजत असतो. मात्र लोक पुरावा का नाकारतात, या प्रश्नावर समाजशास्त्रज्ञ आणि मानसशास्त्रज्ञ अर्धशतकाहून अधिक काळ काम करीत आले आहेत, आणि त्या कामाकडे या विज्ञाननिष्ठाने ढुंकूनही पाहिलेले नसते. त्याचे वाक्य हाच पुराव्याला दिलेला नकार आहे.

छत्तीसगढमधील भिलाईचे उदाहरण या संदर्भात फार बोलके आहे. तेथे रेल्वेरुळांच्या एका अंगाला पोलाद कारखान्याच्या सेक्टरांची आखीव वसाहत पसरलेली आहे आणि दुसऱ्या अंगाला, जी. ई. रोडला लागून, सुपेल्याची गजबजलेली वस्ती व बाजार. १९५५ साली सोव्हिएत संघाशी करार झाला आणि १९५९ मध्ये पहिली झोतभट्टी पेटली. नेहरूंच्या भारताने विज्ञानयुगाचे मंदिर म्हणून ज्या स्थळांकडे बोट दाखवले, त्यांपैकी हे एक. मंदिर उभे राहत असतानाच आसपासच्या गावांत मात्र वेगळीच कुजबुज चालू होती. एवढा प्रचंड कारखाना नरबळी घेतल्याशिवाय उभा राहणार नाही, असे लोक सांगत. या भयाने स्थानिक शेतकरी कारखान्यातल्या नोकरीपासून सुरुवातीला दूरच राहिले.

हे सारे नोंदवले ते लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्सच्या जोनाथन पॅरी यांनी. रूढ वर्गीकरणात ते सामाजिक मानवशास्त्रज्ञ. आपल्याकडे ही दोन शास्त्रे एकाच घरात नांदतात, तेव्हा त्यावर अडून बसण्याचे कारण नाही. कांगड्यातील जात आणि नातेसंबंध, बनारसमधील मृत्यूचे विधी, आणि १९९३ पासून भिलाईचे कामगार असा त्यांच्या कारकिर्दीचा प्रवास आहे. भिलाईवरील त्यांचा मोठा ग्रंथ २०२० मध्ये आला, म्हणजे एका गावाचे उत्तर शोधायला पाव शतकाहून अधिक काळ लागला. ‘अडाणी’ म्हणायला एक सेकंद पुरतो.

बळीची अफवा ज्यांनी खरी मानली, त्यांच्यापुढे त्या वेळी कोणता पुरावा होता? पिढ्यान्‌पिढ्या कसलेली जमीन सरकारने घेतली होती. परक्या प्रांतांतून मजूर आणि परक्या देशातून अभियंते येत होते. उंचावरून पडून, यंत्रात सापडून माणसे मरतात हे कोणत्याही महाकाय बांधकामावर दिसतेच. बुरूज ढासळतो, तलावाला पाणी लागत नाही, म्हणून कुणाच्या तरी लेकराचा बळी दिला, अशा कथा महाराष्ट्रातल्या गावोगावीही सांगितल्या जातात. मोठे बांधकाम गरिबाचा जीव मागते, हे त्या कथांचे सार आहे. ते शब्दशः खोटे आहे, पण निराधार म्हणावे असे खासच नाही.

ही भीती कोणाच्या व्याख्यानाने गेली नाही. नियमित पगार, घर, शाळा आणि सेक्टर नऊचे रुग्णालय आले, शेजारचा माणूस पाळी संपवून धडधाकट घरी परतू लागला, तसतसा बळी मागे पडला. ज्या नोकरीला लोक भीत होते, तीच पुढे परिसरातील सर्वांत हेव्याची नोकरी ठरली. लोकांनी पुरावा स्वीकारला तो असा: वर्षानुवर्षे तपासून, ओळखीच्या माणसाच्या देहावर पारखून. प्रयोगशाळा याहून निराळे काय करते?

शिक्षण वाढले की शंका घेण्याची वृत्ती आपोआप वाढेल, ही दुसरी लाडकी समजूत. साक्षरतेमुळे चिकित्सक बुद्धी जन्मते, हा जॅक गूडी यांचा सिद्धान्त पॅरी यांनी १९८५ मध्ये बनारसच्या पंडितपरंपरेचा दाखला देऊन खोडून काढला. तेथे अक्षरज्ञान विपुल होते, पण ग्रंथ हा प्रश्न विचारण्याचे साधन होण्याऐवजी प्रश्न मिटवण्याचे साधन झाला होता. पदवीधरांच्या कुटुंबगटांत फिरणारे ‘नासानेही मान्य केले’ छापाचे संदेश पाहणाऱ्याला हे पटवून द्यावे लागू नये.

बिहारमधील दोन प्रयोगही याच दिशेने बोट दाखवतात. सुमित्रा बद्रीनाथन यांनी २०१९ च्या निवडणुकीच्या सुमारास सुमारे बाराशे लोकांना खोट्या बातम्या ओळखण्याचे तासाभराचे प्रशिक्षण दिले. सरासरी परिणाम शून्य. सत्ताधारी पक्षाच्या समर्थकांत तर पक्षाला सोयीच्या खोट्या बातम्या ओळखण्याची क्षमता घटलेली आढळली. पुढे त्यांनी सहकाऱ्यांसह, राज्य सरकारच्या साहाय्याने, ५८३ गावांतील तेरा हजारांहून अधिक विद्यार्थ्यांना घेऊन काही आठवडे चालणारे वर्ग योजले. या वेळी परिणाम झाला आणि काही महिन्यांनंतरही टिकला. तासभर येऊन जाणारा पाहुणा आणि पुन्हा पुन्हा भेटणारा शिक्षक यांच्या शब्दाला सारखे वजन नसते, असा अर्थ त्यातून काढला तर तो वावगा ठरू नये.

यावर एक आक्षेप रास्त आहे. नकार नेहमी भाबडा नसतो. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात नरेंद्र दाभोलकरांवर गोळ्या झाडणारे भ्यालेले शेतकरी नव्हते. ज्यांची सत्ता वा प्रतिष्ठा अज्ञानावर पोसली जाते, ते पुरावा नीट ओळखतात आणि म्हणूनच पुरावा मांडणाऱ्याला संपवतात. त्यांच्यापुढे समजूतदारपणा कामाचा नाही, तेथे कायदाच हवा. पण नेमका हाच भेद ‘अडाणी लोक’ या शब्दांत पुसला जातो. भीती विकणारा आणि भीती विकत घेणारा एकाच माळेचे मणी ठरतात, आणि विकणारा सुखाने सुटतो.

छत्तीसगढने २००५ मध्ये टोनही प्रताडना निवारण अधिनियम केला, तेव्हा हा भेद राखला. चेटूक खरे की खोटे यावर त्या कायद्याने गावकऱ्यांची परीक्षा मांडली नाही. एखाद्या स्त्रीकडे बोट दाखवून तिला ‘टोनही’ ठरवणे हाच गुन्हा झाला, त्याला तीन वर्षांपर्यंत कारावास. तिचा छळ केल्यास पाच वर्षांपर्यंत. त्याच राज्यात रायपूरचे नेत्रतज्ज्ञ डॉ. दिनेश मिश्र अनेक वर्षे गावोगाव जाऊन ‘कोई नारी टोनही नहीं’ हे सांगत आले आहेत. मूल आजारी पडते, गाय मरते, रात्री बैठक बसते आणि कुण्या एकट्या विधवेचे नाव घेतले जाते. त्या रात्री गाव कोणाचे ऐकेल, हे आधीच्या दहा वर्षांत त्या गावात कोण येत-जात होते, यावर ठरते.