अपघात कामठीत, दावा कोठे?

कामठीवरून जाणारा रस्ता केवळ कामठीकरांचा नाही. एका बाजूला नागपूर, दुसऱ्या बाजूला कन्हान ओलांडून जबलपूर, जवळच कोराडी व खापरखेडा येथील वीजकेंद्रे आणि तिकडे धावणारे कोळशाचे ट्रक, शिवाय १८२१ पासूनची लष्करी छावणी. त्यामुळे या रस्त्यावर जीव गमावणारा किंवा जायबंदी होणारा माणूस पुष्कळदा परगावचा असतो. समजा, बालाघाटकडचा एखादा बांधकाम मजूर कामठीजवळ ट्रकखाली सापडला. प्रेत गावी नेले जाते, दिवस होतात आणि मग घरात प्रश्न उभा राहतो: भरपाई मागायची ती कोणत्या दारी?

एके काळी ते दार दिवाणी न्यायालयाचे होते. मागणीच्या रकमेच्या प्रमाणात कोर्ट फी भरावी लागे. ज्या घराचा मिळवता हात गेला त्याच घराने आधी पैसे मोजायचे, असा हा उफराटा न्याय होता. १९३९ च्या मोटार वाहन कायद्यात १९५६ साली दुरुस्ती होऊन स्वतंत्र दावा न्यायाधिकरणांची तरतूद झाली, आणि जेथे न्यायाधिकरण आहे तेथे दिवाणी न्यायालयांचा अधिकार तेवढ्यापुरता संपला. महाराष्ट्रात हे काम जिल्हा न्यायाधीशांकडे असते. म्हणून कामठीत दिवाणी न्यायालय असले तरी कामठीचा दावा नागपूरला चालतो. पुढे ग्राहक मंचाकडे जाण्याचा प्रयत्न काहींनी करून पाहिला. पण मोटार अपघाताच्या भरपाईचा विचार ग्राहक न्यायालयांनी करावयाचा नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्ये सांगितले. ते योग्यच झाले. दारे अनेक असली की गरीब माणूस नेमका चुकीच्या दाराशी उभा राहतो.

ठिकाणाचा प्रश्न मात्र बराच काळ अडलेला होता. अपघात ज्या क्षेत्रात घडला तेथील न्यायाधिकरणापुढेच अर्ज करावयाचा, असे जुन्या कायद्याचे कलम ११०-अ सांगत होते. १९८८ च्या नव्या कायद्यानेही तोच नियम उचलला. म्हणजे बालाघाटच्या विधवेने दर तारखेला रोजी बुडवून नागपूर गाठावयाचे आणि तारीख पुढे गेली की हात हलवीत परतावयाचे. १९९४ च्या दुरुस्तीने हे बदलले. अपघाताच्या ठिकाणी, स्वतः राहतो वा धंदा करतो तेथे, किंवा प्रतिवादी राहतो तेथे, यांपैकी कोठेही अर्जदाराला जाता येते. निवड त्याची आहे, मालकाची वा विमा कंपनीची नाही.

ही गोष्ट विमा कंपन्यांच्या गळी सहजासहजी उतरली नाही. हुगळीतील अपघाताचा दावा कोलकात्यात लागला, कंपनीचे कार्यालयही कोलकात्यातच होते. तरी अधिकारक्षेत्राचा आक्षेप घेऊन कंपनी उच्च न्यायालयात जिंकली. २०१६ साली सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरविला. कंपनीचे काही नुकसान झालेले नसताना असा तांत्रिक आक्षेप ऐकू नये, हे त्यामागचे सूत्र. सिलिगुडीतील अपघाताचा दावा उत्तर प्रदेशातील फतेहगडहून दार्जिलिंगला न्यावा, ही वाहनमालकाची विनंतीही २०२३ मध्ये फेटाळण्यात आली.

यावर गंभीर आक्षेप आहे आणि तो टाळून चालणार नाही. १ जुलै २०२३ रोजी नागपूरहून पुण्याकडे निघालेली बस समृद्धी महामार्गावर सिंदखेडराजाजवळ पेटली आणि पंचवीस जण दगावले. अशा अपघातातील प्रत्येक घराने आपापल्या जिल्ह्यात दावा लावला, तर एक न्यायाधिकरण चालकाला दोषी ठरवील आणि दुसरे निर्दोष. एकाच घटनेची दोन सत्ये न्यायालयाच्या शिक्क्यानिशी बाहेर पडणे शोभादायक नाही. पण म्हणून सर्वांना पुन्हा अपघाताच्या ठिकाणी फरफटत नेणे हा उपाय नव्हे. दोष कोणाचा, हा प्रश्न पंचनामा आणि साक्षीदार जेथे आहेत तेथे एकदाच ठरावा. मृताची कमाई किती, त्याच्यावर अवलंबून कोण, हे त्याच्या गावी ठरावे. कायद्यात आज अशी फोड नाही. ती आणण्यास हरकत कोणती, हे कोणी सांगत नाही.

२०२२ पासून एक नवीच गाठ बसली आहे. पोलिसांनी अपघाताचा पहिला अहवाल ४८ तासांत आणि सविस्तर अहवाल ९० दिवसांत न्यायाधिकरणाकडे पाठवावा, असे नियम झाले. अहवालालाच अर्ज मानता येते, ही त्यातली चांगली सोय. परंतु कामठी पोलिसांचा अहवाल जाणार नागपूरला, आणि घरच्यांनी कायद्याने दिलेला हक्क वापरला तर दावा उभा राहणार बालाघाटला. त्याच वर्षी १ एप्रिलपासून दाव्यासाठी सहा महिन्यांची मुदतही परत आली, जी १९९४ मध्ये काढून टाकली होती. तिच्या वैधतेला आव्हान दिलेले आहे आणि मुदत टळली एवढ्याच कारणावरून दावे फेटाळू नयेत, असा अंतरिम आदेश सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२५ मध्ये दिला. अंतरिम आदेश हा शेवटी अंतरिमच. अक्षरओळख नसलेल्या घरात पहिले काही महिने दुःखात आणि कर्ज फेडण्यातच जातात. त्यात ठाण्यातल्या कागदांसाठी परराज्यात दोन खेपा झाल्या की मुदतीतले उरते काय?

डिसेंबर २०२२ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने, वेगवेगळ्या उच्च न्यायालयांच्या हद्दीत अनेक दावे लागल्यास पहिला दावा जेथे लागला तेथेच बाकीचे वर्ग करावेत, असा निर्देश दिला. त्याच धर्तीवर अहवालही दाव्यामागे जावयास हवा. कलम १७६ खाली दाव्यांच्या कामकाजाचे नियम करण्याचा अधिकार राज्यांना आहे. महाराष्ट्र व मध्य प्रदेश यांनी आपापल्या नियमांत एवढेच लिहावे: मृताचा पत्ता दुसऱ्या जिल्ह्यातला वा राज्यातला असेल तर सविस्तर अहवालाची प्रत तेथील न्यायाधिकरणाला व घरच्यांना पोलिसांनी स्वतः पाठवावी, आणि तपास अधिकाऱ्याची साक्ष दूरदृश्य यंत्रणेवरून घ्यावी.