चेहऱ्याची किंमत

अभिनेत्रीचा चेहरा म्हणजे तिचे भांडवल, असे म्हणतात. चीनच्या ख्यातनाम अभिनेत्री छिन यी यांना हे भांडवल घरातही जपावे लागले!

१९२२ साली शांघायमध्ये जन्मलेल्या छिन यी युद्धकाळात चुंगचिंगच्या रंगभूमीवर नावारूपाला आल्या. ‘महिला बास्केटबॉल खेळाडू क्रमांक पाच’ (१९५७) आणि ‘तारुण्याचे गीत’ (१९५९) या चित्रपटांनी त्यांना अफाट लोकप्रियता दिली. पती जिन यान हे तर तीसच्या दशकातले ‘चित्रपटसम्राट’! दृष्ट लागावी असा संसार. आणि ती लागलीच. जिन यान दीर्घ आजाराने खंगत गेले. १९८३ मध्ये ते वारले. त्याआधीच मुलाला ऐन उमेदीत स्किझोफ्रेनियाने गाठले होते.

झटका आला की तो आईवरच हात उगारी. ‘तोंडावर मारू नकोस रे, उद्या शूटिंग आहे,’ एवढीच त्या विनवणी करीत. त्याला न्हाऊमाखू घालणे, चित्रकलेची गोडी लावणे, सारे त्यांनीच केले. २००७ साली तो गेला. त्याच्यासाठी पै पै करून साठवलेले दोन लाख युआन त्यांनी २००८च्या सिच्वान भूकंपग्रस्तांना देऊन टाकले.

त्या खचल्या मात्र नाहीत. वयाच्या त्र्याण्णवाव्या वर्षी स्वतः कथा लिहून छिंगहायच्या तीन हजार मीटर उंच पठारावर त्या कॅमेऱ्यापुढे उभ्या राहिल्या. २०१९ साली ‘जनतेचा कलावंत’ हा राष्ट्रीय सन्मान लाभला. ९ मे २०२२ रोजी, शंभरी गाठून, त्यांनी जगाचा निरोप घेतला. पडद्यावर त्यांनी अनेक भूमिका केल्या. सर्वांत अवघड भूमिका मात्र घरातली होती. आईची!