स्वप्नातले बहुरूपी

अल्सायोनी रोज जूनोच्या देवळात जाऊन नवरा सुखरूप परत यावा म्हणून विनवत होती. नवरा, सीक्स राजा, केव्हाच समुद्रात बुडाला होता. मेलेल्या माणसासाठीचं हे मागणं देवीला सोसवेना. तिने निद्रादेवाकडे निरोप धाडला.

पुढचा प्रसंग रोमन कवी ओव्हिडच्या ‘मेटामॉर्फसीज’च्या अकराव्या खंडात आहे, आणि दोन हजार वर्षांनंतरही तो वाचताना अंगावर काटा येतो. निद्रादेवाला हजार मुलगे. फॅन्टसस माती, खडक, पाणी, झाड होतो. दुसरा एक पशू, पक्षी, साप होतो. माणूस व्हावं ते मात्र मॉर्फियसनेच! चाल, आवाज, कपडे, रोजच्या बोलण्यातले शब्दसुद्धा तो हुबेहूब उचलतो. अल्सायोनीच्या अंथरुणाशी तो सीक्स होऊन उभा राहतो, केसांतून पाणी निथळत असलेला. उसनं रूप खरी बातमी घेऊन येतं, ही ओव्हिडची थोर कल्पना.

एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी जर्मन औषधतज्ज्ञ सेर्ट्युर्नर यांनी अफूतून वेगळ्या काढलेल्या द्रव्याला याच मॉर्फियसचं नाव दिलं. तेच आजचं मॉर्फिन.

स्वप्नात वावरणाऱ्यांचं हे कूळ अजून वाढतं आहे. ‘डन्जन्स अँड ड्रॅगन्स’ या खेळासाठी कीथ बेकर यांनी रचलेलं ‘एबेरॉन’ हे विश्व २००४ मध्ये प्रकाशित झालं. त्यातले ‘क्वोरी’ स्वप्नांच्या प्रदेशात राहतात आणि तिथून माणसांच्या मनाचा ताबा घेतात. काही बंडखोर क्वोरी मात्र माणसांशी राजीखुशीने एकरूप झाले. त्यांचे वंशज म्हणजे ‘कलाष्टार’. त्यांना झोप लागते, पण स्वप्नं पडत नाहीत.