घर कितीला पडले?

गेल्या आठवड्यात आमचा एक जुना विद्यार्थी पेढे घेऊन कचेरीत आला. बरोबर त्याची पत्नी होती. दोघेही पदवीधर, दोघेही नोकरीत. शहराच्या पश्चिम भागात त्यांनी सदनिका घेतली आहे आणि तीसाठी बँकेने ५० लाखांचे कर्ज वीस वर्षांच्या मुदतीने मंजूर केले आहे. अभिनंदन करून आम्ही सहज विचारले, "घर कितीला पडले?" त्याने चटकन उत्तर दिले, "सर, हप्ता त्रेचाळीस हजारांचा बसतो."

प्रश्न एक आणि उत्तर दुसरेच! आम्ही एके काळी शाळेत मराठी शिकवीत असू. असे उत्तर उत्तरपत्रिकेत आले असते तर तांबड्या शाईची रेघ ओढली असती. परंतु या मुलाला दोष देऊन भागणार नाही. आज पुण्यामुंबईच्या कोणत्याही सुशिक्षित घरात हा प्रश्न विचारा, उत्तर हेच मिळेल. घराची किंमत रुपयांत सांगण्याची रीत मागे पडली असून ती आता महिन्याच्या हप्त्यांत सांगितली जाते. 'घर पाहावे बांधून' म्हणणाऱ्या आपल्या पूर्वजांना घराच्या खर्चाचा अंदाज चुकतो हे ठाऊक होते. आपल्याला तो अंदाज करण्याचीही गरज वाटेनाशी झाली आहे, ही आजची चिंतेची गोष्ट होय.

म्हणून त्या दोघांना बसवून घेऊन आम्ही कागदावर हिशेब मांडला. तो वाचकांपुढेही ठेवावा असे आम्हांस वाटते. व्याजाचा दर बँकेगणिक आणि काळागणिक बदलतो. हिशेबापुरता तो साडेआठ टक्के आणि शेवटपर्यंत स्थिर धरू. ५० लाखांच्या कर्जावर वीस वर्षांसाठी महिन्याचा हप्ता येतो ४३,३९१ रुपये. असे हप्ते २४०. त्यांची बेरीज होते सुमारे १ कोटी ४ लाख १४ हजार. म्हणजे मुद्दल ५० लाख आणि व्याज ५४ लाख १४ हजार. आपल्या जवळची जी रक्कम सुरुवातीस भरावी लागली ती वेगळी. पुण्यासारख्या शहरात मेट्रोच्या अधिभारासह साधारण सात टक्के मुद्रांक शुल्क आणि ३० हजारांपर्यंतची नोंदणी फी, तीही वेगळी.

बेरजेपेक्षा तिच्या पोटातील विभागणी अधिक बोलकी आहे. पहिल्या महिन्याच्या ४३,३९१ रुपयांपैकी ३५,४१७ रुपये व्याजात जातात. मुद्दल फिटते अवघे ७,९७४ रुपयांचे. पहिल्या वर्षभरात ५ लाख २१ हजार भरले, तरी कर्ज एक लाखानेही पुरते कमी होत नाही. दहा वर्षे झाली, निम्मी मुदत संपली, या अवधीत ५२ लाख ७ हजार रुपये, म्हणजे घेतलेल्या कर्जाहून अधिक रक्कम, बँकेकडे गेली. आणि शिल्लक कर्ज किती? जवळजवळ ३५ लाख! मुद्दलाचा अर्धा भाग फिटण्यास तेरा वर्षे दहा महिने लागतात. यांत बँकेची लबाडी काही नाही. व्याज नेहमी शिल्लक रकमेवर आकारले जाते आणि आरंभी शिल्लक मोठी असते, एवढेच गणित आहे. परंतु हे गणित माहीत नसलेला गृहस्थ सातआठ वर्षांनी घर विकावयास निघतो, तेव्हा आपण निम्मे कर्ज फेडले अशी त्याची समजूत असते. बँकेचा उतारा हाती पडल्यावर त्याच्या चेहऱ्यावरचा रंग उडतो.

आमच्या विद्यार्थ्याला बँकेतील अधिकाऱ्याने आणखी एक सोय सुचविली होती. हप्ता जड वाटत असेल तर मुदत तीस वर्षांची करून घ्या. तसे केल्यास हप्ता ३८,४४६ रुपयांवर येतो. महिन्याला ४,९४५ रुपयांचा दिलासा. संसारात ही रक्कम लहान नव्हे. पण वीस वर्षांत या दिलाशाची बेरीज होते ११ लाख ८७ हजार; आणि त्यानंतरच्या दहा वर्षांत भरावे लागतात ४६ लाख १३ हजार. एकूण व्याज चढते ८८ लाख ४० हजारांवर. पस्तिशीत घेतलेले हे कर्ज पासष्टाव्या वर्षी संपेल. मुलांचे उच्च शिक्षण, आईवडिलांची आजारपणे आणि स्वतःची निवृत्ती, हे सारे त्या हप्त्याच्या सोबतीने पार पाडावयाचे! ज्यांना खरोखरच दुसरा मार्ग नाही त्यांनी लांब मुदत अवश्य घ्यावी. परंतु ती सवलत नसून महागडी खरेदी आहे हे समजून घ्यावी.

आतापर्यंत आम्ही दर स्थिर धरला. प्रत्यक्षात तो स्थिर नसतो. २०१९ च्या ऑक्टोबरपासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जे बाहेरच्या मानदंडाला, बहुधा रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराला, जोडलेली आहेत. तो दर मे २०२२ मध्ये ४ टक्के होता. फेब्रुवारी २०२३ पर्यंत साडेसहा टक्क्यांवर गेला. त्यापूर्वी पावणेसात टक्क्यांनी ५० लाख काढणाऱ्या माणसाची कल्पना करा. त्याचा हप्ता ३८,०१८ रुपयांचा. एक वर्ष फेड झाल्यावर अडीच टक्क्यांची ही वाढ एकदम अंगावर आली आणि हप्ता तोच राहिला असे धरले, तर त्या हप्त्यातील ३७,५९८ रुपये व्याजातच जातात; मुद्दलाच्या वाट्याला येतात ४२० रुपये! या गतीने कर्ज फिटण्यास जवळजवळ ४९ वर्षे लागतील. बँक एवढी मुदत देणार नाही, केव्हातरी हप्ता वाढवीलच, हे खरे. परंतु मधल्या काळात 'हप्ता वाढला नाही' म्हणून निश्चिंत राहिलेली कुटुंबे आपली मुदत गुपचूप लांबत आहे याची वार्ताही न घेता झोपी जात होती, हेही तितकेच खरे. पुढे २०२५ च्या फेब्रुवारी ते डिसेंबर या काळात रेपो दर सव्वा टक्क्याने उतरला. त्या उताराचा लाभ आपल्या कर्जाला कधी आणि किती मिळाला, हे किती कर्जदारांनी उतारा काढून पाहिले असेल?

आता दुसरी बाजू. व्याज हे उसन्या पैशाचे भाडे आहे आणि ते मागण्याचा बँकेला अधिकार आहे. तो पैसाही अखेर ठेवीदारांचा असतो, आणि त्या ठेवीदारांत याच कर्जदारांचे वृद्ध आईबाप असतात. पूर्वी निवृत्तीनंतर फंडाच्या पैशांतून लोक घर बांधीत. आज तिशीतला तरुण स्वतःच्या छपराखाली राहू शकतो, हे गृहकर्जाचे उपकारच होत. पुन्हा, महागाईमुळे रुपयाचे मोल घटत जाते. आजचे त्रेचाळीस हजार पंधरा वर्षांनी तितके जड वाटणार नाहीत, कारण पगार वाढलेला असेल. घरभाडे वाचते तेही जमेस धरले पाहिजे. हे सर्व मुद्दे आम्हांस मान्य आहेत. कर्ज काढूच नका असा उपदेश करण्यासाठी हा लेख लिहिलेला नाही.

मात्र प्राप्तिकराची सवलत म्हणून जो युक्तिवाद होतो तो तपासून घ्यावा. स्वतः राहत्या घराच्या व्याजावर जुन्या करपद्धतीत वर्षाला जास्तीत जास्त २ लाखांची वजावट मिळते. नव्या पद्धतीत ती मिळत नाही. आमच्या उदाहरणात पहिल्या वर्षाचे व्याज आहे ४ लाख २१ हजार. तीस टक्क्यांच्या टप्प्यातील माणसाचाही २ लाखांवरचा कर उपकरासह वाचतो ६२,४०० रुपये. एवढ्या रकमेसाठी सव्वाचार लाखांचे व्याज आनंदाने भरणे, हा व्यवहार कोणत्या शहाणपणाचा?

पगार वाढतो म्हणून हप्ता हलका होतो, हे म्हणणे खरे असेल तर त्याच न्यायाने पगार वाढेल तसा हप्ताही वाढवावा. बदलत्या दराच्या गृहकर्जाची मुदतपूर्व फेड केल्यास बँका व्यक्तिगत कर्जदाराकडून दंड घेऊ शकत नाहीत. रिझर्व्ह बँकेने २०१२ मध्येच तशी मनाई केली आहे. या सोयीचे मोल पाहा. वर्षाअखेर एक हप्ता जास्तीचा भरत गेले, तर हेच वीस वर्षांचे कर्ज सुमारे सव्वातीन वर्षे आधी संपते आणि व्याजाचे दहा लाखांवर रुपये वाचतात. पहिल्या वर्षाच्या अखेरीस एक लाख रुपये मुद्दलात भरले, तर शेवटचे अकरा हप्ते, म्हणजे सुमारे ४ लाख ८० हजार, टळतात. तेच एक लाख पंधराव्या वर्षाच्या अखेरीस भरले तर जेमतेम साडेतीन हप्ते टळतात. आजारपणासाठी आणि नोकरी जाण्याच्या प्रसंगासाठी काही रक्कम हाताशी ठेवून मगच ही फेड करावी, हे सांगणे नलगे. तसेच कर्जाबरोबर विमा घेणे उपयुक्त ठरू शकते. परंतु त्याचे एक लाख रुपये कर्जातच मिळविले, तर वीस वर्षांत ते दोन लाख आठ हजारांना पडतात, हे ध्यानात असू द्यावे.

हे सारे कर्जदाराने स्वतःच शोधून काढावे काय? येथे आमच्याच जिल्ह्याचा इतिहास आठवतो. १८७५ च्या मे महिन्यात सुपे येथे शेतकरी सावकारांविरुद्ध उठले. त्यांचा रोख माणसांवर कमी आणि कर्जरोख्यांवर अधिक होता. न वाचता आलेल्या कागदांवर त्यांनी अंगठे उठविले होते आणि त्या कागदांची त्यांनी होळी केली. त्यानंतर १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा झाला आणि शेतकऱ्याने करून द्यावयाचा रोखा ग्रामनिबंधकासमोर व्हावा, त्यातील मजकूर त्याला कळावा, अशी तजवीज त्यात झाली. आजची बँक म्हणजे त्या काळचा सावकार नव्हे आणि आजचा कर्जदार निरक्षरही नाही. पण चाळीस पानांच्या इंग्रजी करारावर दाखविलेल्या जागी भराभर सह्या करणारा पदवीधर आणि अंगठा उठविणारा तो शेतकरी, यांच्यात त्या घटकेपुरता फरक किती उरतो?

रिझर्व्ह बँकेने आपल्या परीने पावले टाकली आहेत. ऑगस्ट २०२३ च्या आदेशानुसार दर बदलताना हप्ता वाढवावा की मुदत, याची निवड कर्जदाराला द्यावयाची आहे आणि दर तिमाहीस वसूल झालेले मुद्दल, व्याज व उरलेले हप्ते कळवावयाचे आहेत. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जदाराला 'की फॅक्ट स्टेटमेंट' नावाचे विवरण देणे बंधनकारक आहे. सर्व आकार धरून होणारा वार्षिक दर आणि फेडीचे वेळापत्रक त्यात असावे, ते कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत असावे आणि त्याला समजावून सांगावे, असा स्पष्ट नियम आहे. आमच्या विद्यार्थ्याच्या बाडात ते विवरण होते. इंग्रजीत होते, त्यावर त्याची सहीही होती. त्याने ते वाचले नव्हते आणि कोणी वाचून दाखविलेही नव्हते.

तेव्हा आमची मागणी साधी आहे. महाराष्ट्रात गृहकर्ज देणाऱ्या प्रत्येक बँकेने हे विवरण मराठीत तयार ठेवावे आणि मागणाऱ्यास विनासायास द्यावे. त्याच्या पहिल्याच पानावर, हप्त्याच्या आकड्याशेजारी तितक्याच ठळक अक्षरांत, मुदतीअखेर भरावयाची एकूण रक्कम आणि तीतील व्याज रुपयांत छापावे. सही घेण्यापूर्वी ते कर्जदारास वाचून दाखवावे. हे करण्यास नवा कायदा नको, मोठा खर्च नको. थोडा प्रामाणिकपणा पुरे. वाचकांनीही एक पथ्य पाळावे. सही करण्याच्या आदल्या रात्री पतिपत्नींनी तो कागद समोर घेऊन बसावे आणि त्यावरील शेवटची बेरीज मोठ्याने वाचावी. ती ऐकूनही घर घ्यावेसे वाटले तर खुशाल घ्यावे. तो निर्णय डोळस असेल.

आमचा विद्यार्थी निघताना जरा गंभीर झाला होता. पेढ्यांची गोडी आम्ही कमी केली की काय, अशी रुखरुख आम्हांस लागली. दोन दिवसांनी त्याचा दूरध्वनी आला. पतिपत्नींनी हिशेब करून तीस वर्षांचा विचार सोडला होता आणि वर्षाच्या बोनसातून एक हप्ता जास्तीचा भरण्याचे ठरविले होते. आम्ही पुन्हा विचारले, "मग घर कितीला पडले?" या वेळी त्याने हप्ता सांगितला नाही. तो म्हणाला, "सर, व्याज धरून सांगू की सोडून?"

आम्ही त्याला पैकीच्या पैकी गुण दिले.