आधी स्वयंपाकघर, मग महाविद्यालय

आपल्याकडे बहुतेक गावांत आधी कॉलेज निघते. इमारत उभी राहते, प्राचार्यांच्या नावाची पाटी लागते, वर्ग भरू लागतात. आणि बाहेरगावच्या मुलांची फारच ओरड झाली की मागच्या अंगाला चार पत्र्याच्या खोल्या टाकून त्यांना वसतिगृह म्हणण्यात येते. साताऱ्याला हा क्रम नेमका उलटा झाला. तिथे १९२४ साली मुलांच्या राहण्याजेवण्याची सोय झाली आणि कॉलेज निघाले ते १९४७ साली. मधल्या तेवीस वर्षांत वसतिगृहातली मुले एकेक इयत्ता वर चढत गेली आणि त्यांच्या मागोमाग संस्थेलाही चढावे लागले. १९३५ साली शिक्षक तयार करणारे विद्यालय झाले, १९४० साली महाराजा सयाजीराव हायस्कूल झाले आणि हायस्कूलमधून बाहेर पडणाऱ्या मुलांचे पुढे काय करायचे, या प्रश्नातून छत्रपती शिवाजी कॉलेज जन्माला आले. हे कॉलेज मोफत होते आणि निवासी होते. ऑक्सफर्ड-केंब्रिजच्या निवासी महाविद्यालयांविषयी आपण कौतुकाने वाचतो. त्यांच्यामागे राजे होते, बिशप होते, जमीनजुमले होते. साताऱ्याच्या कॉलेजमागे होते ते गावोगावच्या बायकांनी दळणातून बाजूला काढलेले मूठमूठ धान्य.

कर्मवीर भाऊराव पाटील हे नाव शाळेच्या पुस्तकातून सर्वांच्या ओळखीचे आहे. इतके ओळखीचे, की त्या नावामागचा माणूस आपल्याला दिसेनासा झाला आहे. त्यांचा जन्म १८८७चा, कोल्हापूरजवळच्या कुंभोजचा. स्वतःचे शिक्षण मॅट्रिकपर्यंतही पोहोचले नाही. शिकायला म्हणून ते कोल्हापूरच्या जैन बोर्डिंगात राहिले. त्या काळी कोल्हापूर म्हणजे वसतिगृहांचे गाव होते. १९०१ साली शाहू महाराजांनी व्हिक्टोरिया मराठा बोर्डिंग काढले आणि मग जैन, लिंगायत, मुसलमान अशी एकामागून एक बोर्डिंगे उभी राहिली. जातीजातींची बोर्डिंगे वेगळी का, असे आज कुणी विचारील. पण ज्या समाजात एका पंक्तीला बसणे हाच गुन्हा होता, तिथे प्रत्येक जातीला निदान आपापल्या मुलांची लाज वाटून पैसे काढायला लावणे, हा महाराजांचा व्यवहारी हिशेब होता. तो चुकीचा होता असे मला वाटत नाही.

भाऊरावांची गोष्ट मात्र या हिशेबाच्या पलीकडे गेली. १९०८ साली अस्पृश्य मुलांसाठी मिस क्लार्क बोर्डिंग निघाले. त्या समारंभाला भाऊराव गेले आणि परत आल्यावर आंघोळ करून मगच आत यायला सांगितले तेव्हा त्यांनी साफ नकार दिला. बोर्डिंगातून त्यांची हकालपट्टी झाली. पुढे त्यांनी ओगल्यांचे कंदील विकले, किर्लोस्करांचे नांगर विकले, साताऱ्यात मुलांच्या शिकवण्या केल्या. नांगर विकायला खेडोपाडी हिंडणाऱ्या माणसाला गावातल्या हुशार पोरांची काय दशा होते, हे कुठल्याही शिक्षणाधिकाऱ्यापेक्षा चांगले कळत असणार. १९१९च्या दसऱ्याला कराड तालुक्यातल्या काले या गावी त्यांनी रयत शिक्षण संस्था स्थापन केली आणि १९२४ साली साताऱ्यात बोर्डिंग सुरू केले. या बोर्डिंगात मराठा, महार, मांग, जैन, मुसलमान, सगळी मुले एकाच स्वयंपाकघरात शिजलेले एकाच पंक्तीला बसून जेवू लागली. १९२७च्या फेब्रुवारीत गांधीजी साताऱ्याला आले. त्यांच्याच हस्ते या बोर्डिंगला छत्रपती शाहूंचे नाव देण्यात आले.

आणि इथे लक्ष्मीबाईंविषयी थोडे थांबून बोलायला हवे.

भाऊरावांना मुले अण्णा म्हणत आणि लक्ष्मीबाईंना वहिनी. कर्मठ जैन घरातली ही बाई. सोवळेओवळे रक्तात मुरलेले. तिच्या घरात एके दिवशी नवऱ्याने सतरा जातींची पोरे आणून बसवली आणि यांना आता तूच वाढव म्हणून सांगितले. सुरुवातीला तिला काय वाटले असेल याची नोंद कुणी केलेली नाही. थोरांच्या चरित्रांत बायकांच्या पहिल्या प्रतिक्रियेला सहसा जागा नसते. पुढे तिने काय केले, ते मात्र नोंदले गेले आहे. मुलांची आजारपणे काढली, त्यांच्यासाठी रांधले आणि माहेरचे, सासरचे सोने एकेक करून मोडले. अंगावरचे सगळे दागिने गेले आणि एका सणाच्या तोंडावर बोर्डिंगात दाणा उरला नाही, तेव्हा मंगळसूत्रही गेले. १९३० साली वहिनी वारल्या. शिवाजी कॉलेज त्यांनी पाहिले नाही, पण त्याचे पहिले भांडवल त्यांचेच होते. मी आयुष्यभर बँकेत कर्जाची प्रकरणे तपासली आहेत. तारण म्हणून आलेले दागिनेही कितीतरी वेळा पाहिले. दागिना तारण ठेवणाऱ्या बाईच्या मनात तो सोडवून नेण्याची आशा असते. वहिनींनी दागिने मोडले ते परत न येण्यासाठीच.

बोर्डिंगातला मुलांचा दिवस पहाटेच सुरू होई. शेतावरची कामे, जनावरांचे शेण काढणे, पाणी शेंदणे, लाकडे फोडणे, स्वयंपाकाची पाळी आणि मग शाळा. बागेत भाजी पिकवायची ती आपणच खायची. खडकाळ माळ सपाट करायचा, दगड फोडायचा आणि त्याच दगडावर आपली खोली बांधायची. कॉलेज निघाल्यावर हीच पद्धत ‘कमवा आणि शिका’ या नावाने कॉलेजातही आली. फी नाही, जेवणाचे पैसे नाहीत. त्याबदल्यात रोज ठरलेले तास काम. हाताला घट्टे पडलेला मुलगा दुपारी वर्गात बसून शेक्सपिअर ऐकायचा. त्यातल्या काहींना डुलकी लागत नसेल असे नाही. अंगमेहनतीने थकलेल्या मुलाचे वाचन किती होणार, हा आक्षेप तेव्हाही होता आणि तो अगदीच पोकळ नव्हता. पण पर्याय काय होता, हेही पाहिले पाहिजे. तोच मुलगा घरी राहिला असता तर नांगरामागे याहून जास्त तास चालला असता आणि शेक्सपिअर त्याच्या वाट्याला आलाच नसता.

शिवाय या श्रमात एक गोष्ट होती, ती पैशाच्या शिष्यवृत्तीत नसते. मुलगा कुणाचा मिंधा नव्हता. वार लावून जेवणाऱ्या गरीब विद्यार्थ्याची परंपरा आपल्याकडे जुनी आहे; सोमवारी एका घरी, मंगळवारी दुसऱ्या. त्या परंपरेने मोठी माणसे घडवली हे खरे, पण दुसऱ्याच्या ओसरीवर पान मांडून बसताना मान खाली घालायचीही सवय लावली. आणि वार लागायचा तोही जात विचारूनच. साताऱ्याच्या मुलाला मान खाली घालावी लागली नाही. जेवणारा तोच, वाढणारा तोच आणि भाजी पिकवणाराही तोच.

कॉलेजच्या नावाची एक गोष्ट साताऱ्याकडे अजून सांगतात. एका धनिकाने मोठी देणगी देऊ केली. अट एवढीच, की कॉलेजला आपल्या घराण्याचे नाव द्यावे. संस्थेच्या तिजोरीत खडखडाट होता. भाऊरावांनी त्यांना सांगितले, की एक वेळ स्वतःच्या बापाचे नाव बदलीन, पण शिवाजी महाराजांचे नाव काढणार नाही. गोष्ट सांगताना लोक शिवाजी महाराजांच्या नावावर थांबतात. मला त्यातली दुसरी बाजू अधिक महत्त्वाची वाटते. ज्या बायकांनी मूठमूठ धान्य दिले होते, त्यांच्यापैकी एकीनेही नावाची पाटी मागितली नव्हती. धनिकाचे नाव लागले असते तर त्या धान्याची किंमत एका दिवसात शून्य झाली असती. गांधीजींच्या हत्येनंतरच्या काळात सरकारशी खटका उडून संस्थेचे अनुदान बंद पडले, तेव्हाही लोकच धावून आले. कारण संस्था आपली आहे असे त्यांना वाटत होते.

या बोर्डिंगातून कोण कोण बाहेर पडले, याची यादी देण्याचा माझा विचार नाही. एकच नाव घेतो. बॅरिस्टर पी. जी. पाटील बोर्डिंगातले विद्यार्थी. ते विलायतेला जाऊन बॅरिस्टर होऊन आले आणि वकिली न करता पुन्हा साताऱ्याला शिवाजी कॉलेजात येऊन बसले. पुढे शिवाजी विद्यापीठाचे कुलगुरू झाले. वकिलीत त्यांना पैसा काही कमी मिळाला नसता. मग माणूस परत का येतो? मला वाटते, ज्या पंक्तीला आपण वाढलो तिथे वाढायलाही आपणच उभे राहायचे असते, हे तिथल्या मुलांना न शिकवता कळत असावे.

१९५९ साली पुणे विद्यापीठाने भाऊरावांना सन्मान्य डी. लिट. दिली आणि त्यानंतर लवकरच, ९ मे रोजी, ते गेले. त्यांच्यानंतर संस्था वाढतच गेली. आज तिच्या शाखा सातशेच्या घरात आहेत. २०१९ साली तिने शंभरी गाठली आणि २०२१ साली साताऱ्याचे शिवाजी कॉलेज, सायन्स कॉलेज आणि कॉमर्स कॉलेज मिळून भाऊरावांच्या नावाचे समूह विद्यापीठ मंजूर झाले. बोर्डिंगाचे विद्यापीठ झाले. याचा आनंद कुणाला होणार नाही?

पण या शंभर वर्षांत, आणि केवळ साताऱ्यात नव्हे तर महाराष्ट्रभर, एक गोष्ट हळूहळू निसटत गेली. यशवंतराव चव्हाण मुख्यमंत्री असताना ई.बी.सी.ची सवलत आली आणि गरीब मुलाची फी माफ झाली. ही फार मोठी गोष्ट होती. माझ्या पिढीतले निम्मे लोक त्या तीन अक्षरांवर शिकले. मग गावोगाव कॉलेजे निघाली. प्राध्यापकांचे पगार सरकार देऊ लागले. इमारतींना अनुदान, प्रयोगशाळांना अनुदान. या सगळ्यात वसतिगृहाच्या स्वयंपाकघराला स्वतःचे असे खाते कुठल्याच अंदाजपत्रकात उरले नाही. कॉलेज ही शिकवण्याची जागा झाली आणि मुलाने राहायचे कुठे, खायचे काय, हा त्याच्या बापाचा प्रश्न झाला.

बापांनी तो आपल्या परीने सोडवला. आमच्या पश्चिम महाराष्ट्रात त्यासाठी एस.टी. उपयोगी पडली. पहाटे आईने भाकरी आणि कोरड्यास बांधून द्यायचे, डब्यावर रंगाने नाव घालायचे आणि पहिल्या गाडीने तो डबा साताऱ्याला, सांगलीला, कोल्हापूरला पाठवायचा. स्टँडवर मुले वाट बघत उभी. गाडी चुकली की उपास. या डब्यांवर किती इंजिनिअर, मास्तर आणि माझ्यासारखे बँकवाले शिकले, त्याचा हिशेब कुणी ठेवलेला नाही. पण डबा घरचा असला तरी तो खोलीत एकट्याने खायचा असतो. शेजारच्या खोलीतल्या मुलाचा डबा आला नाही हे कळायलासुद्धा दोन दिवस जातात.

आता तर खोलीही राहिली नाही, खाट राहिली. पुण्याच्या पेठांत ‘कॉट बेसिस’ ही पाटी घराघरावर दिसते. एका खोलीत चार, पाच, सहा खाटा, भाडे खाटेचे. मुले स्पर्धा परीक्षेला बसलेली असतात, मेसचे डबे मागवतात, महिनोन्महिने शेजारच्या खाटेवरच्या मुलाचे आडनाव विचारत नाहीत. (किंवा फक्त आडनावच विचारतात; ते अधिक वाईट.) सरकार काहीच करत नाही असे म्हणता येणार नाही. सरकारी वसतिगृहात जागा न मिळालेल्या अनुसूचित जातींच्या मुलांसाठी डॉ. बाबासाहेब आंबेडकर स्वाधार योजना आहे. मुंबई-पुण्यात वर्षाला ६० हजारांपर्यंत रक्कम मुलाच्या खात्यात जमा होते. इतर समाजांच्या मुलांसाठी पंजाबराव देशमुखांच्या नावाची निर्वाह भत्त्याची योजना आहे. पैसे कमी पडतात, हप्ते उशिरा येतात, या तक्रारी खऱ्या आहेत आणि त्या सोडवल्याच पाहिजेत. शैक्षणिक कर्जातही वसतिगृहाचा खर्च धरता येतो. म्हणजे ज्या जेवणाची फेड मुलगा पूर्वी सकाळी दगड फोडून त्याच दिवशी करत होता, ती आता नोकरी लागल्यावर हप्त्याहप्त्याने, व्याजासकट करतो.

भत्ता देऊ नये असे मी मुळीच म्हणत नाही. पण खात्यात आलेला पैसा प्रत्येक मुलाला एकेकटा गाठतो. पंक्ती त्याने होत नाही. ज्या मुलाने कधी परक्या जातीच्या मुलाच्या हातची भाकरी खाल्लेली नाही, तो कॉलेजची तीन वर्षे काढून तसाच घरी परत जाऊ शकतो. शंभर वर्षांपूर्वी भाऊरावांना जो प्रश्न पडला होता तो फीचा नव्हता. फी ही त्याची एक बाजू होती.

बँकेत आयुष्य गेल्यामुळे शेवटी आकडेच सुचतात. स्वाधारमध्ये जिल्ह्याच्या ठिकाणी मिळणाऱ्या ४३ हजारांपैकी २५ हजार भोजनाचे धरलेले आहेत. चाळीस मुलांनी हे पैसे एकत्र केले तर वर्षाला दहा लाख होतात. त्यात निर्वाह भत्ता मिळणारी इतर समाजांची चाळीस मुले मिसळली की रक्कम आणखी वाढते. एवढ्यात ऐंशी मुलांचे एक साधे स्वयंपाकघर चालते. स्वयंपाकाला दोन बाया पगारी, बाजार, निवडणे, वाढणे आणि हिशेब मुलांकडे पाळीपाळीने. कॉलेजांच्या आवारात कुलपे लागलेल्या इमारती किती आहेत, ते प्राचार्यांना ठाऊक असते. कायदा बदलायला नको, नवी योजना काढायला नको. एखाद्या प्राचार्याने येत्या जूनमध्ये एका इमारतीचे कुलूप काढावे आणि मुलांचे एक संयुक्त खाते उघडून द्यावे. जवळच्या शाखेतला अधिकारी कुरकुर करील, सह्या किती जणांच्या म्हणून विचारील. त्याला सांगावे, तिघांच्या. आणि त्या तिघांची आडनावे तीन वेगवेगळ्या आळ्यांतली असावीत, एवढे पाहावे.